लाइट गेली की

वडगावात आमच्या गल्लीतली बाळं
मागांच्या आवाजात झोपतात
आणि लाइट गेली की दचकून उठतात.
मीही तशीच उठायचे म्हणे.

आमचं घर म्हणजे एक भिंत,
भिंतीपलीकडं सहा माग.
आई भाकरी थापायची ती धोट्याच्या ठेक्यावर;
ठेका चुकला की म्हणायची,
"चार नंबर आजारी पडूलालाय बघ."

चार नंबर बाबांचा.
त्याच्या दांड्याला सायकलच्या ट्यूबची पट्टी,
वायसरच्या जागी भोक पाडलेलं जुनं नाणं,
मूठ डावीकडून झिजलेली,
कारण बाबा डावरे.
बदली माणूस शिव्या घालायचा:
माणसाळलाय हा, पण एकाच माणसाला.
आणि बाबा?
बाजारात चालतानाही एक खांदा पुढं,
पाऊल अर्ध्यात थांबवून,
जणू धोटा अजून पलीकडून यायचाय.

त्या शेडमध्ये ना मराठी ना कन्नड.
कान दाराबाहेर, चपलांसोबत.
दोन बोटांची कात्री: तार तुटली.
अंगठा ओठाला: चहा.
कानाची पाळी ओढली: मालक आला.
तळवा पालथा, मग उताणा:
उसने दे, शनिवारी देतो.
पाच नंबरच्या गुरसिद्धमामांशी बाबा
अकरा वर्षं असेच बोलले.
पोरीचं लग्न ठरलं, भावानं जमीन खाल्ली,
डॉक्टरनं मीठ बंद केलं,
सगळं हातांनी.
एकदा भांडणात हातवारे इतके वाढले
की मागाकडं लक्ष राहिलं नाही,
धोटा उडून भिंतीत रुतला.
तो खड्डा अजून आहे, आमच्या बाजूनंही दिसतो.

मग एका मे महिन्यात वादळानं खांब पाडले.
तीन दिवस लाइट नाही.
दोघं कट्ट्यावर येऊन बसले.
मामांनी तोंड उघडलं
आणि बाबांनी पहिल्यांदा त्यांचा आवाज नीट ऐकला:
बारीक, पोरासारखा,
आणि रबकवीकडचं अस्सल कन्नड.
बाबांचं कन्नड बाजारापुरतं,
एष्टु, बेडा, नाळे बा.
मामांचं मराठी त्याहून थोडकं,
काय गा, बरं हाय की.
अकरा वर्षांची दोस्ती
सोयरिकीला आलेल्या पाहुण्यांसारखी अवघडून बसली.
आणि बोलत होते ते ओरडून,
मागांवरून आवाज पोचवावा तसे.
कोपऱ्यावर तेव्हा पाटी कुठल्या भाषेत
यावरून दोन टोळकी जमलेली;
ती सगळी वळून बघायला लागली,
इथं कुणाचं पेटलं म्हणून.

बाबांनी हळूच अंगठा ओठाला लावला.
मामांनी खिसा चाचपला.
तळवा पालथा, मग उताणा.

आता मी पुण्यात.
मीटिंगमध्ये कुणी आवाज बंद ठेवून बोलत राहिलं
की बाकीचे कलकलाट करतात, ऐकू येत नाही म्हणून.
मला ओठांवरून कळलेलं असतं. मी सांगत नाही.
परवा साहेब हसत हसत आम्हाला
जे काही म्हणाले, ते माझ्या वहीत आहे.

चार नंबर भंगारात गेला, किलोवर.
नाणं तेवढं बाबांनी काढून घेतलं.
शेडमध्ये नवे माग आलेत, एकटा पोरगा सहा बघतो,
कानात गाणी घालून. त्याला हात करायला समोर कुणी नाही.

बाबांना आता ऐकू येतच नाही,
म्हणून मी फक्त व्हिडिओ कॉल करते.
आवाज तुटला तरी आमचं काही अडत नाही.
चित्र गोठलं की मात्र मुकं व्हायला होतं.

काल गोठलं तेव्हा
बाबांचा तळवा हवेत, अर्धाच फिरलेला,
मागतायत का देतायत, कळेना.
आणि त्यांच्या खांद्यामागून चौकटीत घुसलेले
गुरसिद्धमामा,
दोन बोटांची कात्री उंच धरून.